पुष्पमाला एन.

(जन्म १९५६). समकालीन भारतीय दृश्यकलावती. जन्म बंगळूरचा, शिल्पकलेचे शिक्षण बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात. सुरुवातीला त्या शिल्पे घडवीत. १९९०च्या दशकाच्या मध्यास त्या कॅमेऱ्यासमोर आल्या, आणि तेव्हापासून त्यांच्या बहुतेक छायाचित्रांतली नायिका त्या स्वतःच आहेत. तरीही या छायाचित्रांतून त्यांचे चरित्र कळत नाही. कॅमेरा दुसऱ्याच्या हाती असतो. चेहरा त्यांचा, पण रूप आधीच कुणीतरी रंगवलेले, छापलेले, विकलेले. बाईपुढे कोणकोणती रूपे आयती ठेवली गेली, याचा हा शोध आहे.

‘फँटम लेडी ऑर किस्मत’ (१९९६–९८) ही कृष्णधवल मालिका मुंबईत चित्रित झाली. मुखवटाधारी नायिका आणि तिची वाट चुकलेली जुळी बहीण या दोन्ही भूमिका पुष्पमालांच्याच. ‘हंटरवाली’ चित्रपटातील (१९३५) नायिका फिअरलेस नादिया त्यामागे उघड दिसते. नायिकेला त्यांनी २०१२ मध्ये मुंबईत पुन्हा आणले, तेव्हा छायाचित्रे रंगीत होती.

छायाचित्रकार क्लेअर आर्नी यांच्यासह केलेली ‘नेटिव्ह विमेन ऑफ साउथ इंडिया : मॅनर्स अँड कस्टम्स’ (२०००–०४) ही त्यांची सर्वांत महत्त्वाची मालिका. नावच वसाहतकाळातल्या वंशवर्णनपर अल्बमांची नक्कल करते. राजा रविवर्म्यांची लक्ष्मी, विजापूर शैलीतील योगिनी, वेलंकण्णीची माता, सिनेमातल्या जयललिता, साखळीचोरीच्या आरोपावरून पकडलेल्या बायांचे वर्तमानपत्री छायाचित्र: अशा मूळ प्रतिमा पोशाख आणि रंगवलेल्या पडद्यांसह पुन्हा उभ्या केल्या आहेत. यातली लक्ष्मी मराठी वाचकाला परकी नाही; लोणावळ्याजवळच्या मळवलीच्या छापखान्यातून निघालेली रविवर्म्यांची चित्रे घरोघरच्या भिंतींवर लागली होती.

मालिकेतली वंशवर्णनपर छायाचित्रे मात्र अस्वस्थ करतात. १८६९ मध्ये जे. एच. लॅम्प्रे यांनी माणसे मोजण्याची एक पद्धत मांडली: लाकडी चौकटीत रेशमी दोरे ताणून दोन-दोन इंचांचे चौकोन करायचे आणि त्यापुढे माणसाला उघडे उभे करून छायाचित्र घ्यायचे. उभ्या राहणाऱ्याची संमती, त्याचे नाव, यांना तिथे जागा नव्हती. पुष्पमाला निलगिरीतल्या तोडा जमातीच्या स्त्रीच्या वेशात तशाच चौकोनांच्या पडद्यापुढे स्वतः उभ्या राहिल्या. मोजली जाणारी स्त्री इथे चित्राची कर्तीही आहे, आणि माझ्या मते मालिकेचा सारा जोर याच छायाचित्रांत एकवटला आहे.

अमेरिकन छायाचित्रकार सिंडी शर्मन यांच्या ‘अनटायटल्ड फिल्म स्टिल्स’शी (१९७७–८०) त्यांची तुलना नेहमी होते, पण ती फार पुढे जात नाही. शर्मन यांची दृश्ये कधीही न बनलेल्या चित्रपटांतली आहेत. पुष्पमालांच्या ‘नेटिव्ह विमेन’ मालिकेत मूळ चित्र ओळखता येते, किंबहुना ते ओळखले जावे हीच अपेक्षा असते. श्रेयही त्या आर्नींबरोबर वाटून घेतात.

‘राष्ट्रीय खीर अँड देसिय सॅलड’ (२००४) हा त्यांचा कृष्णधवल लघुपट घरातल्या जुन्या पाककृतींच्या वह्यांवरून केला आहे. त्यात स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या दशकांतले आदर्श कुटुंब दिसते.