गौरी, चिंधी आणि सुलभा

आपल्या मंडळाच्या वर्धापनदिनाच्या स्मरणिकेसाठी काहीतरी लिहून द्यावे, असा चिटणीसबाईंचा निरोप आला तेव्हा मी प्रथम नकारच कळविला होता. पाककृती लिहिणाऱ्या, ओव्या गोळा करणाऱ्या भगिनी मंडळात पुष्कळ आहेत; माझे लेखन म्हणजे आयुष्यभर वाणसामानाची यादी! परंतु गेल्या श्रावणात आपण सर्वजणींनी एकत्र बसून ‘उंबरठा’ हा चित्रपट पाहिला, आणि त्यावर सुरू झालेला वाद अजून मिटलेला नाही. पिठाच्या गिरणीत, मंचरच्या बाजारात, लग्नाच्या पंगतीत दोघी भेटल्या की तोच विषय निघतो. तेव्हा तो चित्रपट करणारे डॉ. जब्बार पटेल यांच्या कामगिरीचा थोडा इतिहास सांगावा, म्हणजे वादाला काही आधार तरी मिळेल, असे मनात आले.

आरंभ आपल्या गावापासूनच करते. मी लग्न होऊन अवसरी बुद्रुकला आले ते १९७५ साली. आपल्या भागाला तमाशाचे वेड किती, हे निराळे सांगायला नको. नारायणगाव तर तमाशाची पंढरीच म्हटली जाते. गुढीपाडव्याच्या सुमारास तेथे फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावचे पंच जत्रेची सुपारी द्यायला तेथे जातात. विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर यांच्यासारखी थोर कलावती याच मातीतली. पण जत्रेच्या रात्री तमाशाला जायचे ते पुरुषांनी. आम्ही सासू-सुना माडीवर बसून नुसती ढोलकी ऐकत असू. गाणे कानावर येई, गाणारी दिसत नसे. ज्या कलेत बाई नाचते, गाते, घर चालविते, ती पाहण्याची मोकळीक बायांना नसावी, याचे मला तेव्हाही नवल वाटे. परंतु बोलून दाखविण्याचा तो काळ नव्हता.

शहरातील संगीत रंगभूमीची गोष्ट थोडी वेगळी. अण्णासाहेब किर्लोस्करांनी १८८० साली पुण्यात ‘संगीत शाकुंतल’ रंगभूमीवर आणले आणि मराठी माणसाला नाट्यपदांची गोडी लागली. पण तेथेही शकुंतला होई ती पुरुषच. पुढे बालगंधर्वांनी स्त्रीभूमिका इतक्या उंचीवर नेल्या की, घराघरांतील बाया त्यांच्यासारखे लुगडे नेसू लागल्या. १९१३ सालच्या ‘राजा हरिश्चंद्र’ या चित्रपटातही तारामती झाला तो पुरुषच. १९३२ साली प्रभात कंपनीचा ‘अयोध्येचा राजा’ आला, त्यात संगीत रंगभूमीचे गोविंदराव टेंबे राजा झाले आणि दुर्गाबाई खोटे राणी झाल्या. नाटकातील गाणे चित्रपटात जाण्याची वाट अशी जुनीच आहे. त्या वाटेवरून आपल्या काळात जे चालले, त्यांत डॉ. पटेल यांचे नाव फार वरचे आहे.

त्यांचा जन्म २३ जून १९४२ रोजी पंढरपुरात झाला व बालपण सोलापुरात गेले. पुण्याच्या बी. जे. मेडिकल कॉलेजात ते डॉक्टर झाले. ते मुलांचे डॉक्टर आणि त्यांच्या पत्नी स्त्रियांच्या डॉक्टर. दोघांनी आपल्याच जिल्ह्यात दौंड येथे दवाखाना चालविला. मला या गोष्टीचे फार कौतुक वाटते. पोट भरायला दवाखाना असल्यामुळे नाटक-चित्रपट केले ते मनाला पटतील तसेच. धंदेवाईक कंपनीच्या तोंडाकडे पाहत बसावे लागले नाही.

पुण्याच्या प्रोग्रेसिव्ह ड्रामॅटिक असोसिएशन या हौशी संस्थेतर्फे त्यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘घाशीराम कोतवाल’ या नाटकाचा पहिला प्रयोग १६ डिसेंबर १९७२ रोजी झाला. लेखन विजय तेंडुलकरांचे, संगीत भास्कर चंदावरकरांचे, नृत्ये कृष्णदेव मुळगुंद यांची. कीर्तन, अभंग, लावणी, कोकणातील खेळे असे सगळे मराठी मुलखाचे गाणे-नाचणे त्यात एकत्र केलेले. रंगमंचावर बारा ब्राह्मणांची रांग उभी असते. ती डोलते, गाते, आणि आड काही चालले की पाठ फिरवून पडदा होते. पेशवाईतील पुण्यात अपमान झालेला घाशीराम सूड घेण्यासाठी कोतवाली मिळवितो, आणि तिची किंमत म्हणून आपली मुलगी गौरी नाना फडणविसांना देतो. मुलगी जिवानिशी जाते. भोवती मात्र हरिनाम चालू असते! गाणे कशासाठी असते, हे त्या नाटकाने उलटे करून दाखविले. गोड गाण्याच्या आड काय काय झाकता येते, हे ती माणसांची भिंत सांगते.

नाटकावर वादळ उठले, संस्थेतच मतभेद झाले व प्रयोग थांबले. तेव्हा या मंडळींनी १९७३ मध्ये थिएटर अकॅडमी ही स्वतःची संस्था काढली आणि नाटक पुन्हा उभे केले. १९८० मध्ये ते युरोपचा दौरा करून आले. याच संस्थेने १९७८ साली पु. ल. देशपांडे यांचे ‘तीन पैशांचा तमाशा’ केले. जर्मन नाटककार ब्रेख्त यांच्या १९२८ सालच्या संगीत नाटकाचा हा मराठी अवतार. चोर, भिकारी आणि पोलीस यांची ती कथा थेट परदेशातून येऊन तमाशाच्या नावाने उभी राहिली, याची आपल्या भागातील लोकांना गंमत वाटावी.

चित्रपटांत त्यांचा ‘सामना’ प्रथम आला. निर्माते रामदास फुटाणे हे कवी व चित्रकला शिक्षक. म्हणजे डॉक्टरने दिग्दर्शन करायचे आणि ड्रॉइंगच्या मास्तरांनी पैसा उभा करायचा! साखर कारखान्याचा धनी आणि एक फिरस्ता, दारूत बुडालेला मास्तर यांची ती झुंज निळूभाऊ फुले व डॉ. श्रीराम लागू यांनी अशी रंगविली की, १९७५ साली तो चित्रपट बर्लिनच्या महोत्सवात गेला. ऊसपट्ट्यातील आपल्या माणसांना त्यातील धोंडे पाटील ओळखू आला नाही, असे कोण म्हणेल?

त्यानंतर १९७७ साली ‘जैत रे जैत’. मी तो पाहिला जत्रेतील तंबूत, सासूबाईंच्या शेजारी बसून. तमाशाला बंदी, पण सिनेमाला परवानगी होती. कथा गो. नी. दांडेकरांची, ठाकर समाजातील. आपल्या तालुक्याच्या पश्चिमेकडे, भीमाशंकरच्या डोंगरात ठाकरवाड्या आहेत. बाजारात मध विकायला येणारी माणसे आम्ही पाहिली होती. पण त्यांच्या घरात काय चालते, त्यांचे देव कोणते, हे कधी विचारले नव्हते. भगताचा मुलगा नाग्या पुण्यवंत व्हायला निघतो. राणी माशी त्याचा डोळा फोडते, आणि लिंगोबाच्या डोंगरावरील पोळी उतरविण्याचा तो ध्यास घेतो. चिंधी आपल्या नवऱ्याला सोडून त्याच्याबरोबर उभी राहते. डॉ. मोहन आगाशे नाग्या झाले, स्मिता पाटील चिंधी झाल्या. शेतकरी कवी ना. धों. महानोरांची गीते आणि पंडित हृदयनाथ मंगेशकरांचे संगीत. त्यात गाणी किती, मोजावीत! पण एकही गाणे मधेच आणून घातल्यासारखे वाटत नाही. ‘घाशीराम’मध्ये रांग गाते ती झाकण्यासाठी, येथे वाडी गाते ती सांगण्यासाठी. शेवटी जैत होते, पण चिंधी मरते. तंबूतून बाहेर पडताना सासूबाई एवढेच म्हणाल्या, “जितला तो, अन् गेली ती.” त्यांना अक्षरओळख नव्हती. त्यापुढे कोणते परीक्षण लिहावे?

१९७९ मध्ये मंत्रालयातील सत्तेच्या खेळावरचा ‘सिंहासन’ झाला, आणि १९८२ साली ‘उंबरठा’ आला. शांता निसळ यांच्या ‘बेघर’ या कादंबरीवर तो आधारलेला. सुलभा महाजन ही शिकलेली, खाऊनपिऊन सुखी घरातील सून. नवरा वकील, सासू समाजकार्य करणारी, एक लहान मुलगी. ती संगमवाडीच्या स्त्रियांच्या आश्रमात अधीक्षिका म्हणून जाते. तेथे जी निराधार स्त्री आणून सोडलेली असते, तिच्या वाट्याला पुन्हा तेच: अन्नात भेसळ, वरच्यांची मर्जी, आणि व्यवस्थापक मंडळींची डोळेझाक. चौकशी होते, सुलभा राजीनामा देऊन घरी येते, तो नवऱ्याच्या आयुष्यात दुसरी स्त्री. ती पुन्हा बाहेर पडते. या चित्रपटात गाणी मोजकीच. आश्रमातील स्त्रियांची प्रार्थना आहे, आणि एकटेपणाची गझल आहे. गर्दीचे गाणे ओसरत ओसरत येथे एका बाईचे होते.

दहा वर्षांत तीन स्त्रिया. गौरीला बापाने दिले. चिंधी आपल्या मनाने गेली. सुलभा कोणासाठीही नव्हे, कामासाठी गेली. लेखक निरनिराळे, कथा निरनिराळ्या. पण निवडणारा दिग्दर्शक एकच. तो पुढेही थांबला नाही. १९९२ साली ‘एक होता विदूषक’मध्ये त्यांनी तमाशातल्या सोंगाड्याची कहाणी मांडली, त्यातील नृत्यांसाठी लक्ष्मीबाई कोल्हापूरकर यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ‘मुक्ता’, ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ हे चित्रपट झाले. शंभराव्या नाट्यसंमेलनाचे अध्यक्षपदही त्यांच्याकडे आले. माडीवरून ऐकलेल्या ढोलकीची बाई अखेर मी पाहिली, ती ‘विदूषक’मध्ये.

आता आपला वाद. त्या दिवशी एक आत्याबाई म्हणाल्या, “पोरीला टाकून गेली, हे काही बरं केलं नाही.” त्यावर एका सुनेने विचारले, “आत्या, तेच तो गेला असता नोकरीला, तर टाकून गेला म्हणाला असता का?” खोलीत शांतता झाली. मी तेव्हा काही बोलले नाही. आज लिहिते. मला १९८३ साली डोंगराकडच्या एका आश्रमशाळेत शिक्षिकेची जागा मिळत होती. तेथे मुक्कामाने राहावे लागणार होते. धाकटा दीड वर्षाचा होता. घरातून “जाऊ नको” असे कोणी म्हटले नाही. “बघ बाई तुझं तू” एवढेच म्हणाले. मी पाहिले, आणि गेले नाही. मुले चांगली निघाली, संसार झाला, मला कोणाविषयी तक्रार नाही. पण सुलभा शेवटी गाडीत बसते तेव्हा आत्याबाईंच्या डोळ्यांत राग होता आणि माझ्या डोळ्यांत पाणी होते. ते पाणी तिच्या मुलीसाठी की त्या शाळेतल्या मुलींसाठी, हे मला अजून सांगता येत नाही.

आत्याबाई चुकल्या असे मी म्हणणार नाही. पोरीचे दुःख खरेच आहे, आणि चित्रपटानेही ते झाकलेले नाही. म्हणूनच निकाल आपल्यावर सोडलेला आहे. मंडळाला एकच सुचवावेसे वाटते. पुढील वर्षी आपण ‘जैत रे जैत’ पाहू, आणि त्या दिवशी घरच्या पुरुषांनाही बोलावू. त्यांनी पुढे बसावे की मागे, हे चिटणीसबाईंनी ठरवावे.