पाकीट फोडा, पाणी ठेवू नका

चिकन मंचुरियनचा जन्मदाखला आपल्याकडे तयार असतो: सन १९७५, मुक्काम मुंबई, क्रिकेट क्लब ऑफ इंडियाचं स्वयंपाकघर, जनक नेल्सन वाँग. कोबीच्या त्या कुरकुरीत अमेरिकन सॅलडचं तसं नाही. बारीक चिरलेला कच्चा कोबी, कांद्याची पात, भाजलेले बदामाचे काप, सूर्यफुलाच्या बिया, तेल-व्हिनेगर-साखरेचं ड्रेसिंग आणि या सगळ्यात चुरून घातलेल्या, पाण्याचा थेंबही न लागलेल्या इन्स्टंट नूडल्स. गेली चाळीसएक वर्षं अमेरिकेत हा पदार्थ घरोघरी होतोय, पण त्याचा जनक म्हणून कोणाचं नाव घेतलं जात नाही. बाप नाही, मात्र आजे-पणजे भरपूर आहेत. आणि बहुतेकांची एकमेकांशी ओळखदेखील नव्हती.

सगळ्यात थोरला ओसाकाजवळच्या इकेदा गावचा. मोमोफुकु आंदो हे १९१० साली तैवानात जन्मलेले गृहस्थ. तेव्हा तैवान जपानच्या ताब्यात होतं. धंद्यात अनेक चढउतार पाहून झाले आणि १९५७ मध्ये ते ज्या पतसंस्थेचे प्रमुख होते ती बुडाली. सगळं गेलं, राहतं घर तेवढं उरलं. त्या घराच्या परसात एक खोपटं उभारून वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी त्यांनी नूडल्सशी झटापट सुरू केली. नूडल्स वाळवणं सोपं होतं. वाळवलेल्या नूडल्स गरम पाण्यात झटकन मऊ करणं अवघड. त्यांची कंपनी सांगते ती गोष्ट अशी, की बायको तेंपुरा तळत होती, पिठातलं पाणी बुडबुडे काढत कढईतून उडून जाताना आंदोंनी पाहिलं, आणि कोडं सुटलं. पाणी जातं तिथे बारीक भोकं राहतात. पुढे त्याच भोकांतून पाणी आत शिरतं. २५ ऑगस्ट १९५८ रोजी त्यांचं ‘चिकिन रामेन’ बाजारात आलं. किंमत ३५ येन. ताज्या उदोन नूडल्सचा गोळा तेव्हा ६ येनला मिळायचा, त्यामुळे दुकानदारांना हा माल महागडा थिल्लरपणा वाटला होता.

कंपनीच्या गोष्टीला पदर आहेत. तळून वाळवलेल्या चवदार नूडल्सच्या पेटंटवर त्या काळात आणखीही लोकांचा दावा होता आणि १९६१ मध्ये आंदोंनी त्यातलं एक रोख पैसे मोजून विकत घेतलं. तैवानात तळलेल्या बारीक नूडल्स त्याआधीच ठाऊक होत्या, असंही म्हणतात. शोध एकट्याला लागतो आणि तोही कढईकडे बघताना, ही कथा कंपनीच्या संग्रहालयात शोभून दिसते. पण बाजार उभा केला तो आंदोंनीच, हेही खरं.

आपल्या सॅलडच्या दृष्टीनं या सगळ्यात कामाची गोष्ट एकच आहे. इन्स्टंट नूडल्स कच्च्या नसतातच. पिठाचे धागे आधी वाफवतात, मग दीडशे अंशांच्या आसपास तापलेल्या तेलात मिनिट-दोन मिनिटं तळतात. वाफेनं पिठातला स्टार्च शिजून जातो, तेलानं पाणी हाकललं जातं, आणि वडीत उरतो तो पाण्याचा अगदी थोडा अंश आणि बऱ्यापैकी तेल. उकळतं पाणी ही वडी मऊ करायला लागतं, शिजवायला नाही. नात्यानं ती शेवयांपेक्षा फरसाणाला जवळची. पाकिटावर मात्र वाफाळत्या वाडग्याचं चित्र असतं.

मुलांना आणि कामगारांना हे आधी कळलं. जपानच्या मिए प्रांतातल्या एका नूडल्स कारखान्यात वाळवताना खाली पडणारा चुरा वाया जायचा. मालकानं त्याला चव लावून कामगारांना वाटला, तो इतका आवडला की १९५९ मध्ये तोच पाकिटात भरून ‘बेबी रामेन’ म्हणून विकायला काढला. आज तो ‘बेबी स्टार’ या नावानं मिळतो. म्हणजे ‘चिकिन रामेन’ जन्मून वर्ष-सव्वा वर्ष होतं न होतं, तोच ते कोरडं खाण्याचा धंदा सुरू झाला होता.

दुसरी पायरी १९६२ ची, आणि तिच्याकडे फारसं कोणी बघत नाही. आंदोंच्या नूडल्समध्ये चव धाग्यांनाच लावलेली असे. म्योजो नावाच्या कंपनीनं चवीची पुडी वेगळी काढली. त्या चिमुकल्या पुडीशिवाय हे सॅलड झालं नसतं. तिच्यामुळे नूडल्स एकीकडे, मसाला दुसरीकडे. धागे कोबीत गेले आणि पुडी ड्रेसिंगच्या बरणीत.

आता अमेरिकेची बाजू. कुरकुरीत नूडल्स सॅलडवर भुरभुरवायची सवय तिथे इन्स्टंट नूडल्स यायच्या कितीतरी आधीपासून होती. १९२२ मध्ये मिशिगन विद्यापीठातून शिकून निघालेल्या वॉली स्मिथ आणि इल्हान न्यू या दोघांनी ‘ला चॉय’ ही कंपनी काढली. स्मिथला आपल्या डेट्रॉइटच्या किराणा दुकानात मोड आलेले मूग विकायचे होते, न्यूला ते कसे करायचे हे माहीत होतं. न्यू मूळचा कोरियाचा. पुढे तो मायदेशी परतला आणि तिथे औषधांची मोठी कंपनी उभी केली. म्हणजे अमेरिकेला डबाबंद ‘चिनी’ जेवण खाऊ घातलं एका अमेरिकन आणि एका कोरियन माणसानं. त्यांच्या कंपनीच्या डब्यातल्या तळलेल्या चाउमीन नूडल्स गृहिणी कशावरही घालत.

याच वाटेवर लॉस एंजेलिसचं चायनीज चिकन सॅलड लागतं. चीनमध्ये असं सॅलड कोणी खात नाही. कच्ची पालेभाजी खाण्याचा रिवाजच तिथे बेताचा. सिल्व्हिया वू यांनी १९५९ मध्ये सँटा मोनिकात काढलेल्या ‘मॅडम वूज गार्डन’मध्ये हॉलिवूडची मंडळी येत, आणि कॅरी ग्रँटच्या आग्रहावरून तिथे चिकन सॅलड सुरू झालं, असं सांगतात. १९८३ मध्ये वुल्फगँग पक यांनी त्याच गावात ‘चिन्वा ऑन मेन’ उघडलं आणि त्या सॅलडला उंची टेबलावर नेऊन बसवलं. सोया सॉस, तिळाचं तेल, आंबटगोड ड्रेसिंग, वर काहीतरी तळलेलं कुरकुरीत: साचा इथे तयार झाला. फक्त तो हॉटेलात होता आणि महाग होता.

स्वस्त झाला तो नूडल्सच्या पाकिटामुळे. आंदोंच्या निस्सिन कंपनीनं १९७० मध्ये अमेरिकेत बस्तान बसवलं, प्रतिस्पर्धी मारुचाननं १९७७ मध्ये कॅलिफोर्नियात कारखाना टाकला, आणि ऐंशीच्या दशकात रामेन ही विद्यार्थ्यांच्या खोलीपासून चर्चच्या स्वयंपाकघरापर्यंत सगळीकडे पडलेली वस्तू झाली. सॅलड पसरलं ते चर्चच्या वाटेनं. तिथल्या महिला मंडळांनी निधीसाठी पाककृतींची पुस्तकं काढायची रीत यादवी युद्धापासूनची. आपल्याकडे सारस्वत महिला समाजाची ‘रसचंद्रिका’ आहे, त्याच जातीची. प्रत्येक कृतीखाली देणारीचं नाव, आणि तिला ती कुठून मिळाली ते कोणी विचारायचं नाही. अशा पुस्तकांतून एकच सॅलड ‘ओरिएंटल स्लॉ’, ‘नापा सॅलड’, ‘सुमी सॅलड’ अशा नावांनी फिरलं. कृती हुबेहूब, नाव दर गावी निराळं. बारसं करणाऱ्या शंभर जणी असताना जन्मदाखला शोधून काय मिळणार?

कोबीच का, याचं उत्तर सामुदायिक जेवणात आहे. घरून डबा करून न्यायचा, तो टेबलावर दोन-तीन तास उघडा राहणार. लेट्यूस तेवढ्यात मान टाकतं. कोबीचं पान जाड, वर मेणाचा पातळ थर, त्यामुळे आंबट ड्रेसिंग पडूनही ते ताठ राहतं. अडचण आहे ती नूडल्सची. कोबीत शेकडा नव्वदच्या वर पाणी. त्यावर मीठ-साखर पडली की ते बाहेर येऊ लागतं, आणि तळणीत पडलेली ती भोकं वाटच बघत असतात. म्हणून सराईत बाई डबा तीन भागांत नेते: कोबी-पात एका भांड्यात, ड्रेसिंग बरणीत, कुरकुरीत ऐवज पिशवीत. वाढायच्या आधी दहा मिनिटं सगळं एकत्र. काही घरांत उलटा पंथ आहे. रात्रीच कालवून फ्रीजमध्ये ठेवायचं, नूडल्स अर्धवट मऊ, दाताला किंचित चिवट. त्यालाही भक्त आहेत. मी त्यांच्यात नाही.

हात मात्र एका गोष्टीवर ठरतो: भाजण्यावर. पाकीट न फोडताच नूडल्स लाटण्यानं ठेचायच्या, पण पीठ होऊ द्यायचं नाही. बोटाच्या पेराएवढे तुकडे राहिले पाहिजेत. कढईत चमचाभर लोणी, त्यात आधी बदाम, मग नूडल्स, शेवटी बिया. आच मंद. नूडल्समध्ये तेल असतंच, त्यामुळे रंग हळूहळू चढतो आणि मग एकदम पळतो. तांबूस दिसल्या की लगेच ताटात काढायच्या, कढईत ठेवल्या तर करपतात. गार झाल्याशिवाय कोबीत घालायच्या नाहीत. ड्रेसिंगला अर्धी वाटी तेल, पाव वाटी व्हिनेगर, पाव वाटी साखर, थोडा सोया सॉस आणि ती पुडी. साखर विरघळेपर्यंत बरणी हलवत राहायचं.

‘ओरिएंटल’ नाव पुढे अडचणीचं झालं. आशियाई माणसांसाठी तो शब्द अपमानकारक, म्हणून २०१६ मध्ये अमेरिकेच्या केंद्रीय कायद्यांतून तो काढून टाकला गेला. नूडल्सच्या पुडीवरही त्या चवीचं नाव बदलून ‘सोया सॉस’ झालं. जुन्या वह्यांमध्ये मात्र ‘ओरिएंटल चवीचं एक पाकीट’ असंच लिहिलेलं सापडतं, आणि ते पाकीट दुकानात शोधणारीला सापडत नाही.

ऑस्ट्रेलियात हे सॅलड बार्बेक्यूला हमखास असतं. तिथे त्याचं श्रेय ‘चँग्ज’च्या तळलेल्या नूडल्सच्या पाकिटाला. कृती पाकिटाच्या पाठीवरच छापलेली: वोंबॉक म्हणजे चिनी कोबी, पात, बदाम, वर सोया-तिळाचं ड्रेसिंग. नूडल्स तळूनच येतात, भाजायची कटकटही नाही. तिथे पाकिटावर वाडग्याचं खोटं चित्र नाही, एवढं त्यांच्या बाजूनं म्हणता येईल.

आपल्याकडची शाखा वेगळ्या मुळातून आली. नेपाळात १९८४ पासून बनणाऱ्या वाय-वायच्या नूडल्सना आधीच चव लावलेली असते. त्या कोरड्या चुरून कांदा, टोमॅटो, मिरची, लिंबू घालून केलेला ‘साँधेको’ दार्जिलिंग-सिक्कीमकडे गाडीगाडीवर मिळतो. आणि मुंबईच्या रस्त्यावरची चायनीज भेळ? उभा चिरलेला कच्चा कोबी, पात, तळलेल्या नूडल्स, शेजवान सॉस, टोमॅटो केचप. अमेरिकेच्या मध्यपश्चिमेतल्या एखाद्या आजीबाईपुढे ती ठेवली तर तिखटानं डोळ्यांत पाणी येईल, पण पदार्थ ती बरोबर ओळखेल. ही भेळ आणि ते सॅलड यांचा एकमेकांशी काही संबंध असल्याचा पुरावा नाही. कोबी स्वस्त, तळलेल्या नूडल्स हाताशी आणि आंबटगोडाची आवड, एवढी सामग्री दोन्हीकडे होती.

मॅगी वापरून अमेरिकन सॅलड करणाऱ्या इथल्या घरांना एकच सांगणं. तिची मसाल्याची पुडी व्हिनेगर-साखरेशी जमत नाही; हळद-धण्याचा वास वर येतो. पुडी बाजूला ठेवावी, नाहीतर व्हिनेगरच्या जागी लिंबू घ्यावं, बदामाच्या जागी शेंगदाणे, साखर निम्मी करावी, आणि मग सॅलड म्हणायचा आग्रह सोडून सरळ भेळ खावी.