कूतचा वेढा

समुद्र ओलांडून परक्या मुलखांत उतरणाऱ्या फौजेला दोन शत्रूंशीं झुंजावें लागतें. एक तिच्या समोर उभा असतो. दुसरा म्हणजे तिच्या पाठीमागचें अंतर. पहिल्यावर शौर्यानें मात करतां येते. दुसऱ्यापुढें शौर्याचें कांहीं चालत नाहीं. तेथें बोटी, गाड्या, धान्य, औषधें आणि या सर्वांचा आगाऊ हिशेब हींच शस्त्रें उपयोगीं पडतात. पहिल्या महायुद्धांत हिंदुस्थान सरकारनें मेसापोटेमियांत, म्हणजे आजच्या इराकांत, जी मोहीम धाडली, तिची कथा मुख्यतः या दुसऱ्या शत्रूची कथा आहे. तिच्यांत मराठा पलटणींचा वांटा मोठा असल्यामुळें महाराष्ट्राच्या इतिहासाचेंही तें एक पान आहे.

१९१४ च्या ऑगस्टांत युरोपांत युद्ध पेटलें, तेव्हां हिंदुस्थानांतून निरनिराळ्या रणक्षेत्रांकडे फौजा निघूं लागल्या. या फौजांना इंग्रजी वर्णाक्षरांचीं नांवें होतीं. इराणच्या आखाताकडे निघालेलें दल 'डी' या नांवानें ओळखलें जाई. त्याचें मूळ काम मर्यादित होतें. इराणांतील अबादान येथें तेलशुद्धीचा कारखाना होता आणि इंग्रजी आरमार कोळसा सोडून तेलाकडे वळत होतें. त्या कारखान्याचें व आखाताच्या माथ्याचें रक्षण करावें, एवढाच हेतु प्रथम होता. सहाव्या पुणें डिव्हिजनची पहिली तुकडी ऑक्टोबरांत मुंबई बंदरांतून निघाली. इंग्लंडनें तुर्कस्तानाशीं युद्ध जाहीर केल्याच्या दुसऱ्याच दिवशीं, ६ नोव्हेंबर रोजीं, ती फाओ येथें उतरली. आणि तो महिना संपण्यापूर्वींच बसरा शहर हातीं आलें.

या डिव्हिजनमध्यें १०३, ११० आणि ११७ या तीन मराठा पलटणी होत्या. त्यांपैकीं ११७ वी तर पहिल्या तुकडीबरोबरच होती. खडकीच्या सॅपर्स अँड मायनर्सच्या कंपन्याही या मोहिमेंत होत्या. सातारा, रत्नागिरी, पुणें, कोल्हापूर या बाजूंच्या खेड्यांतून भरती झालेले हे शिपाई. सह्याद्रीच्या खडकावर वाढलेल्या या माणसांना आतां चिखल, खजुरीचीं बनें आणि दृष्टि पोहोंचेपर्यंत सपाट असा प्रदेश पाहावयास मिळाला.

त्या प्रदेशांत पक्का रस्ता नव्हता आणि बसऱ्याहून आंत जाणारा लोहमार्गही नव्हता. तैग्रिस नदी हीच एक वाट. वसंतांत अर्मेनियाच्या डोंगरांवरचें बर्फ वितळलें कीं ती काठ सोडून पसरे. उन्हाळ्याच्या अखेरीस ती इतकी उथळ होई कीं आगबोटी वाळूंत रुतत. बसरा बंदरांत मोठीं जहाजें लागतील असे धक्के नव्हते. माल प्रथम 'महैला' नांवाच्या देशी गलबतांत उतरवावा लागे. बसऱ्यापासून बगदादपर्यंतचें अंतर या नदीच्या वळणावळणांच्या वाटेनें सुमारें ५०० मैल. फौजेचा प्रत्येक घांस, प्रत्येक काडतूस आणि प्रत्येक जखमी शिपाई याच वाटेनें जावयाचा होता, आणि उथळ पाण्यांत चालतील अशा आगबोटी हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या होत्या.

असें असतां यश मात्र पाठोपाठ येत गेलें. डिसेंबर १९१४ मध्यें कुर्ना पडलें. एप्रिल १९१५ मध्यें शैबाच्या लढाईंत तुर्कांचा प्रतिहल्ला मोडला. जूनमध्यें अमारा, जुलैमध्यें नासिरिया आणि सप्टेंबरच्या अखेरीस कूत, अशीं ठाणीं एकामागून एक हातीं आलीं. प्रत्येक विजयानंतर पुढचें ठाणें घेतल्यावांचून मागचें सुरक्षित राहत नाहीं, असा युक्तिवाद होई आणि फौज आणखी वर सरके. प्रत्येक मैलागणिक पाठीमागची दोरी लांबत होती. ती तोलून धरणाऱ्या बोटी मात्र त्या मानानें वाढत नव्हत्या.

कूतपासून बगदाद सुमारें १०० मैलांवर राहिलें, तेव्हां मोह अनावर झाला. मोहिमेचे सेनापति सर जॉन निक्सन आत्मविश्वासानें पुढें जाण्याची परवानगी मागत होते. प्रत्यक्ष डिव्हिजन ज्यांच्या हाताखालीं होती ते मेजर-जनरल टाउनशेंड साशंक होते. लंडनमधील मंत्रिमंडळाला गॅलिपोलीच्या अपयशानंतर पूर्वेकडे एखादा झळझळीत विजय हवा होता, आणि सिमल्यालाही तो नकोसा नव्हता. १९१५ च्या ऑक्टोबरांत परवानगी मिळाली.

२२ नोव्हेंबर रोजीं टेसिफॉन येथें, सासानी बादशहांच्या प्राचीन महालाच्या प्रचंड कमानीच्या परिसरांत, लढाई झाली. तीन्ही मराठा पलटणी तिच्यांत होत्या. तुर्कांची पहिली फळी फोडण्यांत आली. पण त्यासाठीं जवळजवळ ४,६०० माणसें ठार वा जखमी झालीं, आणि तुर्कांकडे ताजी कुमक येत होती. पुढें जाणें अशक्य झालें. जखमींचे हाल येथूनच सुरू झाले. स्प्रिंगा नसलेल्या गाड्यांतून, खडबडीत वाटेनें, मोडलेलीं हाडें घेऊन त्यांना नदीकांठीं आणण्यांत आलें. तेथून उघड्या पडावांवर दाटीवाटीनें भरून बसऱ्याकडे पाठविण्यांत आलें. अशी एक बोट बसऱ्यास लागली, तेव्हां मेजर कार्टर नांवाच्या वैद्यकीय अधिकाऱ्यानें ती पाहून वरिष्ठांकडे लेखी तक्रार केली. त्याचें फळ म्हणून त्यालाच धमकावण्यांत आलें.

टाउनशेंड माघार घेत ३ डिसेंबरला कूतला पोहोंचले, आणि ७ डिसेंबरपासून तेथें वेढा पडला. कूत हें नदीच्या वळणांत वसलेलें लहानसें गांव. तीन बाजूंनीं पाणी आणि चौथ्या बाजूला तुर्कांचे खंदक. आंतील धान्य थोडकेच दिवस पुरेल असें टाउनशेंड यांनीं कळविलें. त्यामुळें सुटकेसाठीं निघालेल्या फौजेला पुरती जमवाजमव होण्यापूर्वींच जानेवारीच्या पावसांत व चिखलांत शेख साद, वादी आणि हन्ना येथें हल्ले करावे लागले, आणि तिची अतोनात हानि झाली. पुढें गांवांतील घरांची झडती घेतल्यावर अधिक धान्य सांपडलें. तोंपर्यंत घाईची किंमत देऊन झाली होती. आधींचा हिशेब चुकला कीं पराक्रम वायां कसा जातो, याचें याहून कठोर उदाहरण विरळा. मार्चमध्यें दुजैला येथें आणि एप्रिलमध्यें सन्नैयात येथें पुन्हां प्रयत्न झाले, तेही फसले. कूतमधील फौज सोडविण्याच्या या प्रयत्नांत सुमारें २३,००० माणसें कामास आलीं किंवा जखमी झालीं.

आंत उपासमार वाढत होती. घोडे व खेंचरें मारून त्यांचें मांस वांटण्यांत येऊं लागलें. परंतु हिंदी शिपायांपैकीं बहुतेकांनीं तें दीर्घकाळ नाकारलें. हा केवळ हट्ट नव्हता. धर्माची आज्ञा तर होतीच, पण गांवीं परतल्यावर जातभाई काय म्हणतील, आपल्या मुलींचीं लग्नें कशीं होतील, ही धास्तीही होती. हिंदुस्थानांतील धर्मगुरूंची अनुज्ञा बिनतारी संदेशानें मागविण्यांत आली. तरी मन वळण्यास एप्रिल उजाडला. तोंपर्यंत स्कर्व्हीनें अनेकांचें रक्त नासलें होतें. वेढलेल्या फौजेला विमानांतून धान्य टाकून जगविण्याचा एक अगदीं पहिला प्रयत्न येथेंच झाला. कांहीं पोतीं छावणींत पडलीं, कांहीं नदींत. २४ एप्रिलच्या रात्रीं रसद घेऊन वेढा फोडण्यास निघालेली 'जुलनार' ही आगबोट तुर्कांच्या हातीं पडली. मोठी रक्कम देऊन फौज सोडवून घेण्याची बोलणीही निष्फळ ठरलीं.

२९ एप्रिल १९१६ रोजीं, वेढ्याच्या जवळजवळ पांच महिन्यांनंतर, टाउनशेंड खलील पाशास शरण गेले. शरण गेलेल्या सुमारें १३,००० माणसांत दहा हजारांहून अधिक हिंदी होते. आणि त्यांतही तीन हजारांवर भिस्ती, स्वयंपाकी, मोतद्दार यांसारखे बिनलढाऊ लोक होते. पानिपतावर भाऊसाहेबांची फौज दाणापाणी तुटून अखेर हातघाईवर आली, ही स्मृति ज्या समाजांत जिवंत आहे, त्याला कूतची दशा निराळी समजावून सांगण्याची गरज नाहीं.

पुढची हकीकत अधिक दुःखाची आहे. उपासानें खंगलेल्या कैद्यांना उन्हाळ्याच्या ऐन तापांत बगदाद, मोसुल आणि रास-अल्-ऐनकडे पायीं हांकण्यांत आलें. तेथें अनेकांना लोहमार्गाच्या कामाला जुंपलें. गोऱ्या शिपायांपैकीं निम्म्याहून अधिक परत आले नाहींत. हिंदी कैद्यांतही मृतांची व बेपत्त्यांची संख्या हजारांत जाते. टाउनशेंड यांचा बंदिवास मात्र इस्तंबूलजवळच्या बेटावर मोठ्या मानानें गेला.

या दुर्दैवाची चौकशी झाली. मेसापोटेमिया कमिशनचा अहवाल जून १९१७ मध्यें प्रसिद्ध झाला. अपुऱ्या बोटी, अपुरीं औषधें आणि सिमल्यास बसून चालविलेला कारभार यांवर त्यानें स्पष्ट ठपका ठेवला. भारतमंत्री ऑस्टिन चेंबरलेन यांनीं राजीनामा दिला. दरम्यान मोहिमेचीं सूत्रें लंडनच्या युद्धखात्यानें आपल्या हातीं घेतलीं होतीं. नवे सेनापति मॉड यांनीं धक्के, लोहमार्ग, आगबोटी आणि इस्पितळें आधीं उभीं केलीं आणि मगच पाऊल उचललें. फेब्रुवारी १९१७ मध्यें कूत आणि ११ मार्चला बगदाद हातीं आलें. तीच नदी, तोच शत्रु आणि बव्हंशीं त्याच देशाचे शिपाई. बदलली होती ती पिछाडी.

युद्धानंतर ११७ व्या पलटणीस तिच्या कामगिरीबद्दल 'रॉयल' ही पदवी मिळाली. १९२९ मध्यें बसऱ्याजवळ एक विस्तीर्ण स्मारक उभें राहिलें. पुढें १९९७ मध्यें तें नासिरियाच्या रस्त्यावर हलविण्यांत आलें. ज्यांची कबर सांपडली नाहीं अशा ४०,००० हून अधिक वीरांचें तें स्मारक. त्याच्या भिंतींवर गोऱ्या शिपायांचीं नांवें कोरलीं आहेत. हिंदी अधिकाऱ्यांचींही आहेत. सामान्य हिंदी शिपायांच्या मात्र प्रत्येक पलटणीपुढें केवळ आंकडा घातला गेला. स्मारकांची व्यवस्था पाहणाऱ्या युद्धसमाधि मंडळानें २०२१ मध्यें या भेदभावाबद्दल क्षमा मागितली.

महाराष्ट्रांत कांहीं खेड्यांच्या चावडीवर वा वेशीपाशीं, या गांवांतून महायुद्धास इतके गेले आणि त्यांतील इतके कामास आले, असें सांगणारी शिळा अजून दिसते. तेथेंही आंकडाच आहे. ज्यांनीं बगदादचा हुकूम दिला त्यांचीं नांवें अहवालांत आणि चरित्रांत सुरक्षित आहेत; ज्यांनीं तो पाळला त्यांचीं नांवें त्यांच्या घरांतच राहिलीं. पिछाडीचा हिशेब न ठेवतां चाललेल्या मोहिमेंत असे हिशेब नेहमींच अपुरे राहतात, आणि ते पुरे करण्याचें काम मागाहून येणाऱ्या पिढ्यांवर पडतें.