शब्दवेध : आरव आणि कायली

ऑस्ट्रेलियातल्या मराठी घरांतही मुलासाठी ‘आरव’ हे नाव आवडीनं निवडलं जातं. नावांच्या याद्यांमध्ये त्याचा अर्थ ‘शांत’ असा सर्रास दिलेला असतो. प्रत्यक्षात संस्कृत ‘रु’ धातूचा अर्थ आवाज करणं. त्यातूनच रव, कलरव, आरव हे शब्द आले. वामन शिवराम आपट्यांच्या १८९०च्या कोशात ‘आरव’ म्हणजे ध्वनी, आरोळी. आपला कोंबडा आरवतो, तोही याच अर्थानं!

ऑस्ट्रेलियाच्या ‘कायली’ या नावालाही काही याद्या आयरिश ठरवतात. पण नैऋत्य ऑस्ट्रेलियातल्या नूंगार लोकांच्या भाषेत हा शब्द बूमरँगसाठी आहे.

नाव खुशाल आवडीचं ठेवावं, पण अर्थ कोशात पाहावा, नावाची मूळ भाषा बोलणाऱ्यांना विचारावा. मुलाला आपल्या नावाचा खरा अर्थ कळायलाच हवा.