अंधारातला डेडलॉक

कोरियाचा रात्री उपग्रहातून काढलेला फोटो तुम्ही कधीतरी पाहिला असेलच. खाली दक्षिण कोरिया लखलखतोय, वर चीन लखलखतोय आणि मधे नुसता काळोख. त्यात प्याँगयांगचा एक ठिपका. बघून वाटतं, हा देश पहिल्यापासूनच अंधारात असणार. पण गंमत म्हणजे गोष्ट बरोबर उलटी आहे.

जपानी राजवटीत कोरियातली मोठी वीजकेंद्रं उत्तरेत उभी राहिली. यालू नदीवरचं सुपुंग धरण त्या काळी आशियातल्या सर्वांत मोठ्या धरणांपैकी एक होतं. १४ मे १९४८ रोजी उत्तरेने दक्षिणेची वीज तोडली, तेव्हा अंधारात गेलं होतं ते सोल! उत्तर कोरियाच्या राजचिन्हावर आजही जलविद्युत केंद्र आहे.

मग बिघडलं कुठे? 'जुचे' म्हणजे स्वावलंबन, अशी घोषणा होती. पण तेल आणि सुटे भाग सोव्हिएत संघाकडून सवलतीत यायचे. १९९१ मध्ये तो देशच संपला. त्यानंतर जे झालं त्याला आमच्या धंद्यात डेडलॉक म्हणतात. खाणीतलं पाणी उपसायला वीज हवी, विजेसाठी कोळसा हवा, आणि कोळसा वाहून नेणारी रेल्वे बरीचशी विजेवर चालणारी. प्रत्येक जण दुसऱ्याची वाट बघत थांबलेला. शेतीचे पंप आणि खतांचे कारखानेही याच साखळीत अडकलेले. त्यात १९९५ चे पूर आले. त्या दुष्काळात किती माणसं गेली याचे अंदाज काही लाखांपासून वीस लाखांच्या पुढपर्यंत जातात. लोकांना तोंड उघडायची सोय नसलेल्या देशात मेलेल्यांची मोजदादसुद्धा धड होत नाही.

आता अणुभट्टी. योंगब्योनची भट्टी १९८६ मध्ये सुरू झाली. क्षमता किती, तर ५ मेगावॉट! आजची एक मोठी पवनचक्की याहून जास्त वीज देते. एवढ्याने देश उजळत नाही. पण या प्रकारच्या भट्टीच्या जळलेल्या इंधनातून बॉम्बसाठी प्लुटोनियम मात्र छान मिळतं.

ऑक्टोबर १९९४ मध्ये जिनिव्हात अमेरिकेशी करार झाला. योंगब्योन बंद ठेवा, बदल्यात सुमारे १००० मेगावॉटच्या दोन भट्ट्या आणि त्या होईपर्यंत दरवर्षी ५ लाख टन जड इंधन तेल. कागदावर झकास. पण पहिल्या भट्टीचं काँक्रीट पडायलाच ऑगस्ट २००२ उजाडला. शिवाय तिथली जुनाट ग्रिड एवढी मोठी भट्टी पेलू शकत नव्हती. ऑक्टोबरमध्ये अमेरिकेने चोरून युरेनियम समृद्ध केल्याचा आरोप केला, नोव्हेंबरमध्ये तेल थांबवायचं ठरलं, जानेवारी २००३ मध्ये उत्तर कोरिया अण्वस्त्र प्रसारबंदी करारातून बाहेर पडला. ९ ऑक्टोबर २००६ ला पहिली चाचणी झाली. २०१७ पर्यंत एकूण सहा.

म्हणजे वीज हे नुसतं निमित्त होतं का? मला तसं सरसकट म्हणवत नाही. टंचाई खरीच होती. पण बॉम्बमुळे खुर्ची टिकते, आणि खेड्यातल्या पंपामुळे फक्त माणसं जगतात. कुणाला काय आधी द्यायचं हे ठरवणाऱ्याच्या घरची वीज कधीच जात नव्हती.

प्याँगयांगच्या बाल्कन्यांमध्ये आता चिनी सोलर पॅनेल दिसतात. लोकांनी आपापल्या पैशांनी लावलेली. माझ्या मते खरी 'जुचे' तीच!