‘परदेसी’च्या रिळातली सरकी

1957 साली आलेला ‘परदेसी’ हा भारत आणि सोव्हिएत संघ यांनी मिळून काढलेला पहिला कथापट. दिग्दर्शक ख्वाजा अहमद अब्बास आणि वसिली प्रोनिन. सोव्हिएत बाजूनं कॅमेरा सांभाळला येवगेनी आंद्रिकानिस यांनी. त्याआधी सोव्हिएत दिग्दर्शक युतकेविच यांचा ‘ऑथेल्लो’ त्यांनीच रंगांत टिपला होता आणि 1956मध्ये कान महोत्सवात त्याला दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं होतं.

‘परदेसी’ची गोष्ट अफनासी निकितीनची. पंधराव्या शतकात चौलला उतरून जुन्नरमार्गे बिदरला पोचलेला हा रशियन व्यापारी. बहमनी वजीर महमूद गवानच्या भूमिकेत पृथ्वीराज कपूर आहेत. याच गवाननं वऱ्हाडच्या तरफेचे, म्हणजे प्रांताचे, गाविल आणि माहूर असे दोन तुकडे केले होते. चिखलदऱ्याला जाऊन गाविलगड पाहणाऱ्याला हा धागा सहज सापडेल. मला मात्र वऱ्हाडचा त्याहून जवळचा धागा दिसतो तो आंद्रिकानिस यांच्या कॅमेऱ्यातून सरकणाऱ्या पट्टीत.

‘परदेसी’ची रशियन आवृत्ती सोव्हकलर या रंगीत फिल्मवर निघाली. सोव्हकलर म्हणजे मुळात जर्मनीची आग्फाकलर. 1936मध्ये वोल्फेनच्या कारखान्यात ती तयार झाली. महायुद्धानंतर वोल्फेन सोव्हिएत ताब्यात आलं, तिथलं तंत्र आणि यंत्रसामग्री युक्रेनमधल्या शोस्तका गावी गेली. तिकडे वोल्फेनचा कारखाना पूर्व जर्मनीत चालूच राहिला आणि 1964पासून त्याच्या मालावर ‘ओर्वो’ हे नाव आलं. रुपयांत व्यवहार करता येत असल्यानं पुढं कितीतरी भारतीय छायाचित्रकारांच्या कॅमेऱ्यात ही ओर्वो असे.

आता शोस्तकाच का? तिथं अठराव्या शतकापासून तोफांची दारू बनत होती. दारू आणि फिल्म यांचं नातं सख्खं आहे. शुद्ध सेल्युलोजवर नायट्रिक आम्लाची प्रक्रिया केली की नायट्रोसेल्युलोज मिळतं. प्रक्रिया तीव्र केली तर स्फोटक होतं, सौम्य ठेवली तर त्याची पारदर्शक पट्टी निघते. 1889पासून ईस्टमन कंपनीनं हीच पट्टी विकायला काढली. ती पेटली की पाण्याखालीही जळते, कारण जळायला लागणारा प्राणवायू तिच्या अंगातच असतो. 2003च्या जानेवारीत पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची नायट्रेट रिळं जळाली, ती याच स्वभावापायी. जे गेलं ते परत मिळणारं नव्हतं, आणि त्याचं दुःख आजही ओसरत नाही. पुढं सहज न पेटणारी ॲसिटेटची पट्टी आली, तरी मूळ द्रव्य सेल्युलोजच राहिलं.

हे सेल्युलोज येतं कुठून? लाकडाच्या लगद्यातूनही येतं, पण शुद्धतेत अव्वल ते सरकीच्या लवेतलं. कापूस जिनिंगमधून निघाला, रुईच्या गठाणी बांधल्या गेल्या, तरी सरकी पूर्ण उघडी होत नाही. हातात घेऊन पाहा. करड्या-पांढऱ्या आखूड तंतूंची दाट लव तिला चिकटलेली असते, बोटांनी ओढून ती निघत नाही. तेल गाळण्याआधी दातेरी यंत्रावर ती खरवडून काढतात. बाजारात तिला लिंटर म्हणतात. ती सुतासाठी निरुपयोगी, इतकी आखूड. पण क्षारात उकळून, धुऊन, विरंजन केलं की जवळजवळ निव्वळ सेल्युलोज उरतं.

वऱ्हाडच्या कापसाचा इतिहास आपण अमेरिकेतल्या यादवी युद्धानं चढलेले भाव, 1867मध्ये नागपूरला पोचलेली रेल्वे, खामगाव-अमरावतीच्या बाजारपेठा असा सांगतो. त्यात सारं लक्ष लांब धाग्याकडं. सरकी आली तर तेल आणि ढेपेपुरती. ‘परदेसी’च्या पट्टीत वऱ्हाडची सरकी होती, असा माझा दावा नाही. पण पऱ्हाटीचं हे सर्वांत दुर्लक्षित अंग जगभरच्या सिनेमाच्या मुळाशी आहे, आणि कापूस पिकवणाऱ्या घरांना ते ठाऊक असायला हवं.

सिनेमा वऱ्हाडात परत आला तो पत्र्याच्या डब्यांतून. चित्रपट वितरणात हा मुलूख ‘सीपी बेरार’ सर्किटचा. त्या नावाचा प्रांत 1950मध्ये मध्य प्रदेश झाला, 1956मध्ये विदर्भ त्यातून बाहेर पडला, तरी वितरकांनी जुनं नाव सोडलं नाही. आता डबे येत नाहीत, चित्रपट डिजिटल झाला. नायट्रोसेल्युलोज मात्र विदर्भातच बनतं, भंडाऱ्याजवळ जवाहरनगरच्या आयुध कारखान्यात, तोफगोळ्यांच्या दारूसाठी.