सात मिनिटांच्या पटकथेमागची विजया मुळे

‘एक अनेक और एकता’ हे कार्टून माझ्या पिढीला विसरता येत नाही. नंदुरबारला आमच्या गल्लीत एकच टीव्ही होता आणि घरी अहिराणी बोलणारी आम्ही पोरं त्यातलं हिंदी गाणं तोंडपाठ म्हणायचो. ही गोष्ट लिहिली कोणी, हा प्रश्न मला चाळिशी उलटल्यावर पडला. उत्तर मिळालं ते मराठी नावाचं: विजया मुळे.

फिल्म्स डिव्हिजनच्या या १९७४ सालच्या लघुपटातली इतर नावं थोडीफार परिचित आहेत. दिग्दर्शक भीमसेन, संगीतकार वसंत देसाई, आणि आवाज तेव्हा लहान असलेल्या साधना सरगम यांचा. पटकथाकाराचं नाव मात्र मागे पडलं.

विजयाबाईंचा जन्म १९२१ साली मुंबईत झाला. लग्नानंतर त्या पाटण्याला गेल्या, तिथे शिकल्या आणि पुढे शिक्षणशास्त्रासाठी इंग्लंडमध्ये लीड्सला गेल्या. परतल्यावर दिल्लीत केंद्र सरकारच्या शिक्षण खात्यात नोकरी धरली. नोकरी सांभाळून त्यांनी फिल्म सोसायटीची चळवळ वाढवली. १९५९ साली सत्यजित राय यांच्या अध्यक्षतेखाली देशभरच्या सोसायट्यांचा महासंघ उभा राहिला, त्याच्या उभारणीत त्या होत्या. पुढे सेन्सॉर बोर्डातही त्यांनी काम केलं. अभिनेत्री सुहासिनी मुळे या त्यांच्या कन्या.

शिक्षण आणि सिनेमा या दोन्हींत मुरलेली ही बाई मुलांसाठी लिहायला बसली, तेव्हा तिने उपदेश टाळला. एकवचन आणि अनेकवचन या व्याकरणापासून सुरुवात केली. मग जाळ्यासकट उडणारे पक्षी आणि ते जाळं कुरतडणारे उंदीर ही आपली जुनीच गोष्ट घेतली. ‘एकता’ हा अवघड शब्द येतो तो त्यानंतर. तोवर त्याचा अर्थ मुलांनी डोळ्यांनी पाहिलेला असतो.

१९७५ साली ‘साइट’ हा उपग्रह-दूरदर्शनचा प्रयोग सुरू झाला. सहा राज्यांतल्या सुमारे २,४०० खेड्यांत वर्षभर कार्यक्रम पोहोचले. त्यातल्या मुलांच्या कार्यक्रमांचं काम विजयाबाईंकडे होतं. त्या उपग्रहावर एका चित्रासोबत दोन ध्वनिवाहिन्या होत्या. म्हणजे चित्र एकच, भाषा दोन. अशा ठिकाणी चित्रानेच बोलायला हवं, हे त्यांना आधीच उमगलेलं होतं.

मला ते उमगलं धडगाव तालुक्यातल्या एका शाळेत. मी हे कार्टून मुलांना दाखवत होतो आणि मध्येच स्पीकर बंद पडला. मुलांची घरची भाषा पावरी. तरी एकही मूल जागचं हललं नाही. जाळं उचललं गेलं तशी मागच्या रांगेतली एक मुलगी पावरीत पक्षी मोजू लागली, आणि बाकीच्यांनी तिच्या सुरात सूर मिसळला.

विजयाबाई २०१९ साली गेल्या. त्यांचं नाव त्या मुलांना ठाऊक नव्हतं. स्पीकर दुरुस्त झाल्यावर मी ते फळ्यावर लिहिलं.